निवल्याशिवाय प्रकाश नाही



‘मृग’ म्हटले की आपल्या मनात दोन चित्रे उभी राहतात. एक जूनमधले. सूर्य मृग नक्षत्रात आला, आभाळ भरून आले आणि शेतकऱ्याचे डोळे वर लागले. दुसरे हिवाळ्यातील रात्रीचे. पूर्वेला मृगाचे चार पाय, पोटात रुतलेला तीन ताऱ्यांचा बाण आणि त्याच्यामागे लखलखणारा व्याध. एका मृगाशी पाऊस जोडलेला आहे, दुसऱ्याशी प्रकाश.

पावसाचा नियम आपल्याला ठाऊक आहे. वाफ तापलेली असते तोवर ती नुसती पसरत राहते, थेंब होत नाही. ती वर जाते, निवते आणि मगच बरसते. गेल्या काही महिन्यांत ताऱ्यांविषयी थोडे वाचन झाले, तेव्हा कळले की प्रकाशाचाही नियम असाच आहे. तारा जन्माला येण्यासाठी आधी आग लागत नाही, आधी थंडावा लागतो. आज याच एका गोष्टीवर आपण मिळून चिंतन करूया.

सुरुवातीलाच एक नम्र निवेदन. विज्ञानाने अध्यात्म सिद्ध केले, असे मला अजिबात म्हणायचे नाही. तारे ताऱ्यांच्या नियमाने चालतात, त्यांना आपल्या साधनेची खबर नाही. पण दृष्टांत म्हणून पाहिले तर आकाशासारखा मोठा फळा दुसरा नाही.

तारा कसा जन्मतो?

मृगाच्या बाणापासून थोडे दक्षिणेकडे पाहिले तर एक धूसर ठिपका दिसतो. अंधारी जागा असेल तर तो नुसत्या डोळ्यांनीही दिसतो. हा मृगातील तेजोमेघ. तो आपल्यापासून साधारण १३५० प्रकाशवर्षे दूर आहे. तेथे आजही तारे जन्म घेत आहेत, आणि त्याच्या मध्यभागी चमकणारे तारे विश्वाच्या मानाने अगदी तान्ही बाळे आहेत. सूर्याचे वय सुमारे ४६० कोटी वर्षे आहे, तर त्यांचे काही लाख वर्षांच्याच हिशेबात मोजावे लागते.

ही बाळे ज्या ढगातून जन्मतात तो मुख्यतः हायड्रोजनचा असतो. त्यात थोडा हेलियम आणि अगदी थोडी धूळ. अशा ढगात दोन ओढी असतात. गुरुत्वाकर्षण सांगते, ‘आत ये.’ उष्णता सांगते, ‘बाहेर पसर.’ ढग उष्ण असेल तर त्यातील कण इतक्या वेगाने इकडेतिकडे धावत असतात की आत येण्याची हाक त्यांच्यापर्यंत पोहोचूनही उपयोग होत नाही. म्हणून तारे जन्मतात ते सर्वात थंड ढगांत, जेथे तापमान उणे २६० अंश सेल्सिअसच्या आसपास असते. तेथे कणांची धावपळ मंदावते आणि गुरुत्वाकर्षणाची ती सौम्य, सततची ओढ जिंकते. ढग आत आत येऊ लागतो.

यापुढची गोष्ट साधकाने विशेष लक्षात ठेवावी. ढग आकसू लागला की त्यात उष्णता निर्माण होते. ही उष्णता आतच कोंडली तर आकसणे थांबते. ढगातील रेणू आणि धूळ ती उष्णता अवरक्त आणि त्याहून लांब लहरींच्या रूपाने हळूहळू बाहेर सोडत राहतात. डोळ्यांना न दिसणाऱ्या, कोणाला न भाजणाऱ्या अशा या लहरी आहेत. जितके सोडता येते तितकेच आत जाता येते. असे लाखो वर्षे चालते. शेवटी गाभा इतका दाट होतो की उष्णता सहज बाहेर पडत नाही, आणि मग तो तापत जातो. सुमारे एक कोटी अंशांना हायड्रोजनचे संमीलन सुरू होते. तारा प्रकाशमान होतो. सूर्यासारख्या ताऱ्याला या स्थिर अवस्थेपर्यंत यायला काही कोटी वर्षे लागतात.

आपण ध्यानाला बसतो तेव्हा काय अनुभव येतो? डोळे मिटले की शांती मिळेल असे वाटते, आणि होते उलटेच. दिवसभर न आठवलेले अपमान आठवतात, कोणी काय बोलले ते आठवते, जुना राग वर येतो. अनेक साधक येथेच घाबरतात आणि म्हणतात, “ध्यान मला जमत नाही.” पण आत वळले की उष्णता वाढणारच. ढगाचेही तसेच होते. ती दाबायची नाही आणि दुसऱ्यावर फेकायचीही नाही. कोणाला भाजणार नाही अशा रीतीने, श्वासाश्वासाने सोडत राहायची. सोडणे थांबले की आत जाणे थांबते.

आधीच्यांची राख

आता प्रश्न येतो की ढगाला निवायला मदत कोण करते? हायड्रोजनचा रेणू अशा थंडीत उष्णता बाहेर टाकण्यात फारसा कामाचा नाही. हे काम कार्बन मोनॉक्साइडसारखे रेणू आणि धुळीचे कण करतात. हा कार्बन, हा ऑक्सिजन आणि ही धूळ कोठून आली?

विश्वाच्या आरंभी, सुमारे १३८० कोटी वर्षांपूर्वी, जवळपास फक्त हायड्रोजन आणि हेलियम होते. कार्बन, ऑक्सिजन, लोह हे सगळे नंतर घडले, ताऱ्यांच्या पोटात आणि त्यांच्या अंतकाळी. ते तारे आयुष्य संपताना काही शांतपणे बाहेरचे थर सोडून गेले, काही स्फोट होऊन विखुरले. त्यांच्या त्या राखेतून पुढचे ढग समृद्ध झाले. विश्वातील अगदी पहिल्या ताऱ्यांना ही मदत नव्हती. त्यामुळे ते प्रचंड मोठे, तापट आणि अल्पायुषी असावेत, असे खगोलशास्त्रज्ञांचे गणित सांगते.

म्हणजे आज एखादा ढग निवतो तो केवळ स्वतःच्या बळावर नाही. जे आधी जळून गेले त्यांनी मागे ठेवलेले त्याच्या उपयोगी पडते. मला हे वाचताना आपली संतपरंपरा आठवली, आणि घरातली आजीही आठवली. आपण रागावलेलो असताना मनात अचानक एखादे वाक्य येते आणि जीभ आवरली जाते. ते वाक्य आपले नसते. ज्याने ते कमावले तो कदाचित कधीच गेलेला असतो. त्याची राख आपल्याला निववते.

भरलेले, पण तापलेले

आता ढगाकडून दीर्घिकेकडे जाऊया. कोट्यवधी तारे, वायू आणि धूळ ज्या विशाल कुटुंबात राहतात ती दीर्घिका. आपल्या दीर्घिकेला आपण आकाशगंगा म्हणतो. तिच्यात १०,००० कोटींहून अधिक तारे आहेत. इतकी मोठी असूनही ती वर्षाला साधारण एक-दोन सूर्यांच्या वस्तुमानाइतकेच नवे तारे घडवते. घाई नाही.

पण काही दीर्घिकांमध्ये तारे जन्मणे जवळजवळ थांबले आहे. असे होण्याची दोन कारणे पाहण्यासारखी आहेत.

पहिले कारण आहे एम ८७ नावाच्या दीर्घिकेत. ही कन्या राशीच्या दिशेला, सुमारे ५.५ कोटी प्रकाशवर्षे दूर आहे. एप्रिल २०१९ मध्ये मानवाने कृष्णविवराचे पहिले चित्र प्रसिद्ध केले, ते हिच्याच गाभ्यातील कृष्णविवराचे. या दीर्घिकेभोवती वायूची कमतरता नाही. प्रचंड साठा आहे. पण तो कोट्यवधी अंशांना तापलेला आहे, आणि गाभ्यातून निघणारे झोत त्याला पुन्हा पुन्हा तापवत राहतात. त्यामुळे एवढ्या संपत्तीतून नवे तारे जवळजवळ घडतच नाहीत.

आपल्यापैकी काहींची अवस्था अशी असते. वाचन भरपूर, पाठांतर भरपूर, शिबिरे अनेक झालेली. साठा मोठा आहे, पण आतून कोणता तरी झोत त्याला सतत तापवत असतो. ‘मला मान मिळाला नाही’, ‘माझे नाव घेतले नाही’, ‘मी इतकी वर्षे करतो आहे.’ ज्ञान असते पण निवत नाही, म्हणून त्याचा कोणाला उजेड होत नाही.

साठा संपतो तेव्हा

दुसरे कारण मी वाणिज्य शाखेची विद्यार्थिनी असल्याने मला चटकन समजले. ते आहे जमा-खर्चाचे.

पुणे जिल्ह्यात नारायणगावजवळ खोडद येथे जायंट मीटरवेव्ह रेडिओ टेलिस्कोप, म्हणजे जीएमआरटी, ही दुर्बीण आहे. प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेना. प्रा. गोविंद स्वरूप यांच्या नेतृत्वाखाली ती उभी राहिली. तिच्या साहाय्याने पुणे आणि बंगळुरू येथील शास्त्रज्ञांनी २०२० मध्ये एक महत्त्वाचा शोध प्रसिद्ध केला. विश्वात तारे घडण्याचा वेग सुमारे १००० कोटी वर्षांपूर्वी सर्वाधिक होता. त्यानंतर तो घसरत गेला आणि आज तो त्याच्या सुमारे दहाव्या हिश्शावर आला आहे. हे का झाले असावे, हा प्रश्न होता.

त्यासाठी ८०० कोटी वर्षांपूर्वीच्या दीर्घिकांत हायड्रोजन किती शिल्लक होता ते मोजायचे होते. पण इतक्या दुरून एका दीर्घिकेतील हायड्रोजनचा संदेश इतका क्षीण येतो की तो ऐकूच येत नाही. म्हणून शास्त्रज्ञांनी ७,६५३ दीर्घिकांचे संदेश एकत्र केले. एकेकीचा आवाज हरवला होता, सगळ्यांचा मिळून ऐकू आला. (सामूहिक प्रार्थनेत आपला आवाज बेसूर असला तरी का बसावे, याचे उत्तर मला येथे मिळाले.)

आणि हिशेब असा निघाला की त्या दीर्घिकांपाशी वायू भरपूर होता, पण त्या तो इतक्या वेगाने खर्च करत होत्या की बाहेरून नवा वायू आला नसता तर तो १०० ते २०० कोटी वर्षांत संपला असता. तेवढा नवा वायू येत राहिला नाही, म्हणून तारे घडणे मंदावले. खर्च चालू, जमा अपुरी.

हे मी वाचले तेव्हा पुस्तक खाली ठेवले, कारण ती माझीच खातेवही होती.

आम्ही बडोद्याला राहतो. मी हिंदीतील प्रवचनांचा मराठी अनुवाद करण्याची सेवा करते. मागच्या वर्षी परीक्षा आणि अनुवाद दोन्ही एकदम आले. मी कोणालाच ‘नाही’ म्हटले नाही. रात्री दोनपर्यंत टंकलेखन, सकाळचे ध्यान बंद, सत्संगाला जाणे बंद. मनात मात्र अभिमान होता की मी किती सेवा करते. माझा कॉस्टिंगचा विषय राहिला. निकाल लागला त्या संध्याकाळीही मी अनुवाद करत बसले होते. आई ताट घेऊन आली आणि म्हणाली, “अगं, दोन घास खाऊन घे.” मी ओरडले, “दिसत नाही का? सेवा करतेय मी!” त्या क्षणी पडद्यावर मी लिहीत होते ते वाक्य शांतीविषयी होते. आईने ताटावर दुसरे ताट झाकले आणि ती निघून गेली.

दुसऱ्या दिवशी केंद्रातील एका ज्येष्ठ काकूंना मी फक्त निकालाचे सांगितले. त्या म्हणाल्या, “आठ दिवस अनुवाद नको. रोज सकाळी ये आणि नुसती बस.” मला ही शिक्षा वाटली. पहिले तीन दिवस डोळे मिटल्यावर डोक्यात केवळ राग होता, पेपर काढणाऱ्यावर, काकूंवर, स्वतःवर. चौथ्या दिवशी राग होता, पण कमी. तेव्हा मला ढगाविषयी काही ठाऊक नव्हते. आज कळते की ती उष्णता बाहेर पडत होती.

वाणिज्यात आम्ही शिकतो की नफा दिसत असतानाही खेळते भांडवल संपले तर धंदा बंद पडतो. सेवेचेही तसेच आहे. आणि ज्या हायड्रोजनमधून तारे घडतात तो कोणत्याही दीर्घिकेने स्वतः निर्माण केलेला नाही. तो विश्वाच्या आरंभापासूनचा आहे. मुद्दल आपले नाही, ते मिळालेले आहे. म्हणून जो रोज थोडे घ्यायला बसत नाही, त्याने देण्याचा अभिमान धरू नये.

दोन दीर्घिका भेटतात तेव्हा

दीर्घिका एकट्या राहत नाहीत. त्या एकमेकींना ओढतात, जवळून जातात, कधी एकमेकींत मिसळतात. हस्त नक्षत्राच्या दिशेला ‘अँटेना’ नावाची दीर्घिकांची जोडी आहे. या दोन दीर्घिका सध्या एकमेकींत शिरत आहेत. दुर्बिणीतून पाहिले तर ओढाताणीत दोघींतून लांब शेपट्या बाहेर फेकल्या गेलेल्या दिसतात. पाहणाऱ्याला वाटावे, सर्वनाश चालला आहे.

पण आत वेगळेच घडत असते. अशा टकरीत तारे एकमेकांवर जवळजवळ कधीच आदळत नाहीत. सूर्य टेबल टेनिसच्या चेंडूएवढा मानला तर त्याच्या सर्वात जवळचा तारा सुमारे ११५० किलोमीटरवर असेल, म्हणजे एक चेंडू मुंबईत आणि दुसरा दिल्लीत. एवढ्या मोकळ्या जागेतून तारे एकमेकांना न शिवता निघून जातात. आदळतात ते वायूचे ढग. ते दाबले जातात, तापतात, ती उष्णता सोडून पुन्हा निवतात, आणि मग त्यांच्यातून नव्या ताऱ्यांचे झुबकेच्या झुबके जन्मतात. अँटेना दीर्घिकांत आज असे असंख्य तरुण तारकागुच्छ दिसतात.

आपली आकाशगंगा आणि देवयानी दीर्घिका यांचीही एक दिवस टक्कर होईल, असे पूर्वी जवळजवळ निश्चित मानले जात असे. देवयानी २५ लाख प्रकाशवर्षे दूर आहे आणि आपल्याकडे येत आहे. २०२५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासाने मात्र सांगितले की पुढील १००० कोटी वर्षांत ती टक्कर होण्याची शक्यता निम्मीच आहे. आपण जिला अटळ म्हणतो ती प्रत्येक टक्कर अटळ नसते, हेही शिकण्यासारखे आहे.

घरात, केंद्रात, मित्रांत खटके उडतात तेव्हा आपल्याला वाटते की सगळे संपले. जरा थांबून पाहावे की आदळले काय? बहुतेक वेळा एकाची थकावट आणि दुसऱ्याची काळजी आदळलेली असते. आतले तारे शाबूत असतात.

त्या आठ दिवसांच्या शेवटी मी स्वयंपाकघरात गेले. आई मेथी निवडत होती. मी तिच्याजवळ बसले, एक जुडी ओढली आणि म्हटले, “आई, माझा विषय राहिलाय. आणि त्या दिवशी मी तुझ्यावर ओरडले ते चुकलं.” ती मेथीतून मान वर न करता म्हणाली, “निकालाचं कळलं होतं मला. तू सांगशील म्हणून थांबले होते.” एवढेच. पुढे आम्ही भाजी निवडत राहिलो. पण त्या दिवसापासून आमच्यात पूर्वी नव्हते असे काहीतरी आहे. मी आता तिला अनुवाद वाचून दाखवते. माझे शब्द अवघड झाले की ती सोपे सुचवते. आपण वाचत आहात त्या या लेखातील ‘निवणे’ हा शब्द तिचा आहे. मी आधी ‘शीतलीकरण’ लिहिले होते.

आजपासून काय करावे?

साधकहो, वाचून बाजूला ठेवण्यासाठी हे लिहिलेले नाही. तीन छोट्या गोष्टी आपण सर्वजण करू शकतो.

पहिली गोष्ट, रोज सेवेला किंवा कामाला लागण्यापूर्वी किमान पंधरा मिनिटे नुसते बसावे. मनात उष्णता वर आली तर तिला नाव ठेवू नये. श्वास सोडताना तीही सोडावी.

दुसरी गोष्ट, आठवड्यातून एकदा स्वतःचा ताळेबंद मांडावा. या आठवड्यात मी किती दिले आणि किती घेतले? सत्संग, स्वाध्याय, झोप, घरच्यांबरोबरचे जेवण, हे सारे जमेच्या बाजूचे आहे. जमा रिकामी असेल तर खर्च कमी करण्याची लाज वाटू देऊ नये. ‘या आठवड्यात मला जमणार नाही’ असे नम्रपणे सांगणे हाही सेवेचाच भाग आहे.

तिसरी गोष्ट, ज्याच्याशी खटका उडाला आहे अशी एक व्यक्ती आठवावी. तिच्याकडे लगेच धाव घेऊ नये. आधी निवावे. मग जावे, आणि मोठे भाषण न करता तिच्या हातातले काम थोडे आपल्या हाती घ्यावे.

येत्या हिवाळ्यात एखाद्या रात्री घरच्यांना घेऊन गच्चीवर जा. बाणाचे तीन तारे शोधा, त्याखालचा तो धूसर ठिपका शोधा. शहराच्या दिव्यांमुळे तो दिसला नाही तरी तो तेथे आहे, हे लक्षात असू द्या. आज आपल्यापर्यंत येणारा त्याचा प्रकाश सुमारे १३५० वर्षांपूर्वी निघाला आहे. तेथे या क्षणीही कोठेतरी एक अंधारा, थंड ढग कोणाला न दिसता आत आत येत आहे. त्याला माहीत नाही की तो तारा होणार आहे.

आपल्यातील अंधाराचीही भीती बाळगू नका. तो निवू द्या. उजेड होण्याचा नियम आपण केलेला नाही, पण तो आपल्यालाही लागू आहे.

सर्वांचे मन निवो, सर्वांच्या हातून प्रकाश घडो, हीच प्रार्थना.